सुईदोऱ्यानं शिवलेला अंबाडा

आपा, परवा रेणापूरजवळच्या एका शेतात लग्न होतं, तिथं मी नवरीला तुमचा अंबाडा घातला. तुम्ही जाऊन इतकी वर्षं झाली, आणि कंधारला तुमच्याकडे असताना जे शिकायचं राहून गेलं होतं ते मला आत्ता शिकायला मिळालं. घरात कुणाला सांगायला गेलं तर म्हणतील, एका अंबाड्याचं एवढं काय. म्हणून तुम्हालाच लिहिते.

लातूरच्या माझ्या पार्लरमध्ये हल्ली मुली येतात आणि मोबाईल पुढं करून म्हणतात, "ताई, विंटेज लूक पाहिजे." म्हणजे जुन्या बायकांसारखं दिसायचं असतं, पण कुठल्या बाईसारखं ते विचारलं तर सांगता येत नाही. या मुलीला मात्र सांगता येत होतं. तिनं पिशवीतून एक खराखुरा फोटो काढला. रंग उडून सगळा तांबूस झालेला. त्यात एक नवरी मान वळवून बसलीये, मानेवर डावीकडं किंचित कललेला मोठा अंबाडा, त्याच्या खालच्या कडेला मोगऱ्याची बारीक वेणी, आणि कपाळावर एक पिल्लासारखी बट तशीच सोडलेली. एवढ्या मोठ्या अंबाड्यात एक पीन दिसत नव्हती. ती बट बघून माझा कंगवा हातातच राहिला. कपाळावरची बारकी बट तुम्ही कधीच दाबली नाही. "उसको खेलने दो," म्हणायचात.

"फोटो कुठला?" मी विचारलं.

"आईच्या लग्नातला. कंधारचा. आईचं माहेर हाय ते," मुलगी म्हणाली.

तिच्यासोबत तिची आई आणि आत्या आल्या होत्या. आई कोपऱ्यातल्या खुर्चीवर, पंख्याखालीही डोक्यावरचा पदर घट्ट धरून. आत्याला हे काही पसंत नव्हतं. ती म्हणाली, "आता कुणी अंबाडा घालून राहिलंय का? केस मोकळे सोडा, खालून कुरळे करा. लोकं काय म्हणतील, म्हातारी केली पोरीला." मी तिला समजावलं की लग्न उघड्या शिवारात आहे, गोरज मुहूर्त आहे, फाल्गुनातलं वारं सांजेला सुटतंच. मोकळे केस अक्षतांच्या वेळी नवरीच्या तोंडात जातील. आत्याला ते पटलं, पण तेवढ्यात आईच म्हणाली, "अंबाडा घाला बाई, पर त्यो फोटोतला नको."

आणि तिनं पदर मागं सारला. बोटाच्या अर्ध्या पेराएवढे करडे, मऊ केस. कॅन्सरच्या औषधांनी सगळे गेले होते, आता कुठं नव्यानं उगवत होते. "त्या केसांचं काय झालं बघा," ती म्हणाली. "माझं नशीब लेकीच्या डोक्यावर कशाला?"

मुलगी खुर्चीतून उठली. आईपुढं खाली बसून तिचे दोन्ही हात धरून म्हणाली, "आई, तू वाचलीस की. मला त्येच नशीब पाहिजे." आईनं डोळे पुसले आणि फोटो माझ्या हातात दिला. आत्यानंसुद्धा डोळे पुसले.

आपा, तेव्हा मला तुमच्या त्या पुढच्या खोलीतला दिवस आठवला. मी सतरा वर्षांची, बाजूच्या गावातून रोज एसटीनं येणारी, चार पिना खोचता आल्या की आपण शहाण्या झालो असं समजणारी. तुम्ही दारात पडदा लावून एका बाजूला रजया शिवता, दुसऱ्या बाजूला आरशासमोर नवऱ्या सजवता. पाटलाची सून असो की आतारवाड्यातली गरीब पोर, आधी कंगवा बाजूला ठेवून नुसत्या बोटांनी केस मोकळे करता. डोक्यात कुठं दुखतंय, कुठं चाई आहे, कुठं विरळ आहे ते तुमच्या बोटांना कळतं आणि तुमच्या तोंडून कधी बाहेर पडत नाही. त्या दिवशी मी एका नवरीचा अंबाडा इतका आवळून घातला की तिच्या डोळ्यांत पाणी आलं. तिला वाटलं नवरीनं सोसायचंच असतं. तुम्ही रजई खाली ठेवून आलात, माझ्या सगळ्या पिना एकेक करून काढल्या आणि म्हणालात, "पोरी, नवरीचं डोकं हाय ते, कडब्याची पेंढी न्हाई." मला राग आला होता. नवरीसमोर बोलायला नको होतं, असं मी आठ दिवस मनात धरून होते. आज माझ्याकडे पाच मुली काम करतात, आणि हेच वाक्य मी त्यांना नवरीसमोरच ऐकवते.

फोटोतला अंबाडा मला जमेना. लग्नाच्या आधीच्या आठवड्यात दोनदा बघितला करून. पिनांनी धरला तर छान दिसायचा, पण मुलीनं मान हलवली की मागं लोंबायचा. पिना वाढवल्या तर तिचं कपाळ ओढलं जायचं. मुलीचे केस लांब, जड आणि रेशमासारखे निसटणारे. जाळी लावली तर फोटोतलं काहीच उरत नव्हतं. दुसऱ्या वेळी मी हरून खाली बसले. आई बघत होती. मी तुमच्याकडेच शिकले हे तिला पहिल्याच दिवशी सांगितलं होतं. ती एकदम म्हणाली, "पिना न्हाई लावल्या आपानं. शिवला होता."

"शिवला?"

"हाव. गोधडीची मोठी सुई घेतली, टोक घासलेली. काळा दोरा दुहेरी. आतून एक बारकी वेणी घातली आन् तिच्यावर अंबाडा टाचला. मी लई भेले. तर म्हणली, हलू नको बेटा, न्हाई तर सुईसकट सासरी जाशील." बोलता बोलता तिची बोटं हवेत टाके घालत होती. तीस वर्षांपूर्वी आपल्याच डोक्यामागं काय झालं, जे तिनं डोळ्यांनी बघितलं नव्हतं, ते तिच्या बोटांना पाठ होतं.

मी वर्षभर त्या खोलीत होते, आपा. ती बोथट सुई डब्यात रोज बघत होते. मला वाटायचं, रजयांचीच आहे.

लग्नाच्या दिवशी मी तसंच केलं. आतली वेणी घातली, तिच्यावर अंबाडा गुंडाळला, आईनं सुई ओवून दिली आणि कुठं टाका घ्यायचा ते बोटानं दाखवलं. बारा टाके. मुलगी म्हणाली, "ताई, डोक्यावर काही हाय असं वाटतच न्हाई." सांजेला हरभरा काढून मोकळ्या झालेल्या रानात वारं असं सुटलं की मांडवाची एक झालर उडून बाभळीवर बसली, भटजींचं उपरणं गेलं, आत्याला स्वतःचे मोकळे सोडलेले केस दोन्ही हातांनी धरावे लागले आणि ती स्वतःच हसायला लागली. अंबाडा जागचा हलला नाही. फक्त कपाळावरची बट उडत होती. उडू दिली.

पण मला सांगायचंय ते वेगळंच. नवरी तयार झाल्यावर आई माझ्यापाशी आली आणि हळूच म्हणाली, "माझंबी काही करता का?" मी कंगवा बाजूला ठेवला. नुसत्या बोटांनी ते इवलेसे केस सारखे केले, जेवढा वेळ लेकीला दिला तेवढाच दिला, आणि कानामागं अबोलीची दोन फुलं अडकवली. तिनं आरशात बघितलं आणि पदर खांद्यावरच राहू दिला. अक्षता पडल्या तेव्हा चारशे माणसांत ती उघड्या डोक्यानं उभी होती. माझ्या बोटांना हे कुणी शिकवलं ते मला माहीत आहे.

तुमच्याकडून मी खरं सांगून निघाले नव्हते. मामाकडे आठ दिवस जाते म्हणाले आणि लातूरला एका पार्लरमध्ये लागले. महिन्याभरानं कंधारच्या एसटीचा कंडक्टर दारात आला. वर्तमानपत्रात गुंडाळलेला तुमचा शिंगाचा कंगवा त्याच्या हाती तुम्ही पाठवला होता. चिठ्ठी नव्हती. राग नव्हता की होता, ते मी कधी विचारायला आले नाही.

जेवणं उरकल्यावर आईनं मला विचारलं, "आपा गेली तवा तुम्ही व्हता का वो तिथं?" मी म्हणाले, यायचं होतं, पण एका नवरीचे केस अर्धे झाले होते, सोडून येता आलं नाही. ती म्हणाली, "आपालाबी त्येच आवडलं असतं."

हे पत्र कुठं टाकणार, म्हणून इथं खरं लिहून ठेवते. त्या दिवशी नवरी नव्हती, आपा. पार्लर बंद करून मी आत बसले होते, आणि समोरच्या रस्त्यावरून कंधारच्या तीन गाड्या मी मोजून जाऊ दिल्या.