माळ्यावरची ऊब

पोलादपूर,
ता. २५ नोव्हेंबर १९७९

चि. चारुशीला हिस,
श्रीपतदादाचे अनेक आशीर्वाद व सप्रेम जयभीम. वि. वि.

तुझे पत्र पोचले. नेहमीप्रमाणे ओटीवर बसून सगळ्यांना मोठ्याने वाचून दाखवले. तू नर्सिंगची परीक्षा पास झालीस हे ऐकल्यावर आईने शेजारच्या आनंदीबाईंना हाक मारली आणि मला तेवढे पुन्हा वाचायला लावले.

आता माझी हकीकत. घाबरू नकोस. खोकला जाईना म्हणून महाडला छातीचा फोटो काढला. डॉक्टर म्हणाले क्षय. म्हणजे आबांचेच दुखणे. रोज इथल्या दवाखान्यात सुई टोचून घेतो. पोरे लहान आहेत, तेव्हा मी गोठ्यावरच्या माळ्यावर बिऱ्हाड हलवले आहे. आबांनाही शेवटी आईने तिथेच निजवले होते. यंदा भाताच्या झोडणीला पाऊस लागला, पेंढा अर्धा ओलाच वर चढवला. पण आतून अशी ऊब सुटते की विचारू नकोस. आई म्हणते छातीला हीच ऊब बरी. तिने मऊ पेंढा निवडून स्वतः अंथरूण केले. रात्री मात्र हुडहुडी भरून ताप येतो. शाळेतली पोरे खूश आहेत, गुरुजींना ओरडायला दम पुरत नाही.

तुझ्यासाठी दासगावचे एक स्थळ आले आहे. मुलगा गोरा आहे, बाकी काही नाही. आमच्यावर माया आहेच, तशीच राहू दे.

तुझा,
श्रीपतदादा


मुंबई,
ता. ४ डिसेंबर १९७९

ती. दादास,
सविनय जयभीम. वि. वि.

थट्टा पुरे. थुंकी तपासली का, याचा तुझ्या पत्रात उल्लेखही नाही. शाळेतून रजा काढ आणि सरोजवहिनीला घेऊन ये. आमच्या मोठ्या डॉक्टरांशी मी बोलले आहे. दासगावच्या गोऱ्याला कळव, मी काळी आहे.

तुझी,
चारू


पोलादपूर,
ता. २२ जानेवारी १९८०

चि. चारू हिस,
अनेक आशीर्वाद. वि. वि.

मुंबईला इस्पितळात असताना तुमच्या डॉक्टरांनी माझ्या सुया-गोळ्या सगळ्या बंद केल्या, छातीतला तुकडा काढून तपासायला धाडला, आणि तरी आठवड्याभरात ताप गेला. भूक लागली, जिना चढलो. तुमच्या पाणचट आमटीत काय घालता ते सरोजला कळव.

घरी आल्यावर मात्र पुन्हा तेच. रिपोर्ट येईस्तोवर पोरांपासून लांब राहा असे तू बजावलेस, म्हणून माळ्यावरच आहे. आईने जुने अंथरूण काढून भाऱ्यातला आतला पेंढा घातला. आता गोठ्यापासून ओटीपर्यंत येताना मधे बसावे लागते. रिपोर्ट लवकर कळव. मला भीती वाटते चारू, आबा असेच बसत.

तुझा,
दादा


मुंबई,
ता. ४ फेब्रुवारी १९८०

ती. दादास,
सविनय जयभीम. वि. वि.

पत्र मिळताक्षणी माळ्यावरून खाली उतर. मग पुढचं वाच.

तुझ्या फुप्फुसाच्या तुकड्यात बारीक गाठी सापडल्या. त्यांना ग्रॅन्युलोमा म्हणतात. आत शिरलेली गोष्ट शरीराला मारता येईना, बाहेरही टाकता येईना, की पेशी तिच्याभोवती गोळा होतात; आपण वाडीला कुंपण घालतो तसं. क्षयातही अशा गाठी होतात, म्हणून महाडच्या डॉक्टरांना नावं ठेववत नाहीत. पण तुझ्या गाठींत क्षयाचे जंतू नाहीत, थुंकीतही नाहीत. औषधाशिवाय हा माणूस इथे बरा झाला आणि घरी जाऊन पडला, तर तो निजतो कुठे, असं मोठ्या डॉक्टरांनी विचारलं. मी माळ्याचं सांगितलं तेव्हा त्यांनी लगेच विचारलं, पेंढा ओला होता का?

ओला पेंढा आतून तापतो, बुरशी धरतो. तीच धूळ तू रात्रभर ओढतो आहेस. अशीच जात राहिली तर गाठींच्या जागी वण पडतात, आणि ते पुन्हा बरे होत नाहीत. घरात पोरांजवळ नीज, दादा. तुझं त्यांना काही लागत नाही. पेंढा गोमाजीकाकांकडून काढून घे, तोंडाला ओलं फडकं बांधून. आईला जवळ फिरकू देऊ नकोस, तिचा खोकला मी ऐकला आहे.

तुझी,
चारू

ता. क. आबांची थुंकी कोणी तपासली नव्हती. मला रात्री झोप लागत नाही. यातलं काही आईला कळू देऊ नकोस.


पोलादपूर,
ता. ९ फेब्रुवारी १९८०

चि. चारू हिस,
आशीर्वाद. वि. वि.

तुझे पत्र काल आले आणि मी ते नेहमीसारखे ओटीवर मोठ्याने वाचले. ता. क.मधला आबांचा शब्द तोंडातून गेला, मग पुढची ओळ दिसली.

आई म्हणाली, "मंग तुज्या बापाला पन मीच तितं निजवला ना रे?" आबांचे वेगळे होते असे मी सांगितले. तिला माझे खोटे लहानपणापासून कळते. ती जेवली नाही.

रात्री पोरांजवळ निजलो. धाकटी माझ्या दंडावर डोके ठेवून झोपली. ताप आला नाही. मला रडू आले.

एवढे सकाळी लिहून ठेवले होते. आता दुपार आहे. सरोज पाण्याला गेली तेव्हा आई माळ्यावर चढली आणि शिडी वर ओढून घेतली. एकेक भारा खाली टाकते आहे. सरोज गोमाजीकाकांना आणायला धावली आहे. मला तिने लांब आंब्याखाली बसवले आहे. धुरळ्यात गोठा दिसत नाही. तोंडाला फडके बांध म्हणून मी हाका मारतो, पण माझा आवाज तिथवर पोचत नाही. तिचा खोकला इथवर ऐकू येतो.

रजा काढून ये. माझ्यासाठी नको, आईसाठी ये.

तुझा,
दादा