राजाच्या मनातलं

लिंबायत, सुरत
१३ सप्टेंबर १९९४

नूतनताईस नमस्कार,

राजा मुका उभा होता आणि नाटक बसवणारे प्रशांत सर वही धरून विंगेतून त्याची वाक्यं ओरडत होते. काल गणेश मंडळाचं नाटक होतं. राजा म्हणजे सरांचा मेहुणा किरण. मी भाला धरलेला शिपाई.

तात्यांच्या तमाशाच्या फडात वाढलेला माणूस हे बघत राहील का? मी पुढे झालो. "महाराज गप्प का? राणीसाहेबांनी लूमवर रातपाळी लावली वाटतं." लोक हसले. मग महाराजांच्या मनातलं सांगतो म्हणत त्याच्या वाट्याचं सगळं मीच मनाने बोललो.

पडदा पडल्यावर सर म्हणाले, "हा तमाशा नाही. पुन्हा येऊ नकोस."

ही माणसं वहीशिवाय तोंड उघडत नाहीत, आणि आपल्याला अडाणी म्हणतात. अशा नाटकासाठी मी फड सोडला, हे तात्यांना वाचून दाखवू नकोस. त्यांचा बसलेला आवाज सुटला का? मी वेळेवर जेवतो.

तुझा,
ललित

ता.क. आत्ताच सर खोलीवर येऊन गेले. शनिवारी दुसरा प्रयोग आहे, काल बोललास ते लिहून दे, किरण पाठ करेल, म्हणाले. मी सांगितलं, आठवत नाही.