ऐन सुम्माकची कॉफी

मार्सेय, ३ फेब्रुवारी २०१८

ती. विदाद आत्यास,
सलाम वि. वि. तुझ्या हातांचं चुंबन घेते. सिनेमा पुरा झाला! ऐन सुम्माकचा झरा, तुमच्या दारातलं डाळिंब, सगळं तुझ्याच आवाजात आहे. तुम्हाला सीमेवरच अडवतात, पण माझ्या फ्रेंच पासपोर्टावर मी गावी गेले, तेव्हा आपली घरं पाडून लावलेल्या पाइनच्या झाडांखाली लोक सहलीला आले होते. आपलं निवडुंगाचं कुंपण तेवढं उभं आहे. आजोबांच्या घराच्या जोत्यावर शेवटचं दृश्य घेतलं: चार नट्या काळ्या कपड्यांत बिनसाखरेची कॉफी पितात. इथल्या सिनेमा महोत्सवाच्या बाई ते पाहून रडल्या. मे महिन्यात तिथे खेळ आहे. तुझी संमती पाठव. तुझ्या व्हिसासाठीही भांडते आहे.

शेजारच्या अबू फव्वाझना सांग, त्यांचं नाक पडद्यावर आणखी मोठं दिसतं.

तुझ्या मायेची आणि रागाचीही भुकेली,
मैसून

सैदा, छावणी, १९ फेब्रुवारी

चि. मैसून हिस अनेक आशीर्वाद.
सिनेमा अबू फव्वाझच्या फोनवर पाहिला. तो म्हणतो, नाक तेवढंच आपल्या मालकीचं उरलंय, दिसू दे मोठं.

शेवट पाहून मात्र हातातला पेला खाली ठेवला. पोरी, बिनसाखरेची कॉफी आपण कुठे पितो? मयताच्या घरी. तुझे आजोबा इथल्या पत्र्याखाली गेले तेव्हा प्यायलो, तुझा बाप गेला तेव्हा प्यायलो. गावासाठी कधी प्यायलो? गावातून हाकलल्याला सत्तर वर्षं झाली, तेवढ्यात या गल्लीतल्या एकाही बाईने गावाच्या नावाने ती किटली चुलीवर ठेवली नाही. आणि तू जिवंत गावाला कफन शिवलंस, तेही भाड्याच्या बायका बसवून! ज्यांनी ते लुटलं त्यांना हेच हवंय: आपण काळे कपडे घालावेत, सुरेख रडावं आणि प्रकरण मिटावं. त्या बाईंना सांग, अश्रू नकोत, वाट द्या.

ते दृश्य राहणार असेल तर माझा आवाज त्यातून काढून टाक. संमती देणार नाही.

सिनेमात फार वाळलेली दिसतेस. जेवत जा.
तुझ्यावर जीव आहे म्हणून ओरडणारी,
आत्या

मार्सेय, ६ एप्रिल

ती. आत्यास,
सलाम वि. वि. महिनाभर तुझ्यावर रागावले होते. मीही त्याच पत्र्याखाली जन्मले, मला शोक करायचा हक्क नाही का, असं मनात भांडत होते. मग बाईंना विचारलं, ते दृश्य काढलं तर? त्या गोड हसून म्हणाल्या, मग सिनेमा नुसता चिडलेला वाटेल, प्रेक्षकाला शांत मनाने घरी जाता आलं पाहिजे. तिथेच उठले.

दृश्य काढलं. महोत्सवाने सिनेमाच यादीतून काढला.

तुझा व्हिसा नाकारला आहे. तू परत जाशील याचा पुरावा नाही म्हणे. सत्तर वर्षं परत जायचं म्हणणाऱ्या बाईला!

जूनमध्ये प्रत घेऊन येते. शाळेच्या भिंतीवर दाखवू. तोवर माझ्यावरची माया आटू देऊ नकोस.
मैसून

सैदा, छावणी, २५ मे

चि. मैसूनला अबू फव्वाझचे आशीर्वाद.
फोन लागेना म्हणून लिहितो. विदाद सोमवारी गेली. छावणीच्या कब्रस्तानात जागा नाही. तुझ्या बापाच्याच कबरीत वर ठेवली.

तुझं शेवटचं पत्र तिने गल्लीभर वाचून दाखवलं होतं. व्हिसाच्या ओळीवर इतकी हसली की ठसका लागला.

तीन दिवस आम्ही कडू कॉफी प्यायलो, तिच्या नावाने. तिच्या फडताळात साखरेचा डबा गच्च भरलेला आहे. त्याला कोणी हात लावायचा नाही, तो मैसूनच्या खेळासाठी आहे, असं तिने बजावून ठेवलंय.

तू ये. भिंतीला चुना मारून ठेवतो.
तुझा वाट पाहणारा,
अबू फव्वाझ