सदलग्याचं पाणी

निपाणी, ता. ८ डिसेंबर १९३८

प्रिय प्रेमला,

जयजिनेंद्र. आईचे गुडघे धरलेत, म्हैस व्याली, तंबाखूला यंदा पान बरं आहे. तुझी खुशाली विचारायला तोंड नाही, म्हणून आधी ह्या बातम्या.

परवाचं मामांनी सदलग्याला परतल्यावर तुला सांगितलंच असेल. माझंही ऐक. बाबा गेले, त्यांचे थोरले भाऊ आमच्याकडे राहिले. आप्पा साठीला आले, समज लहान पोराची. पण उजाडताच घरचं पाणी तेच गाळतात आणि फडक्यातले जीव ज्या विहिरीचे त्याच विहिरीत सोडून येतात. मग मी त्यांची दाढी करतो, धोतर नेसवतो. ते सोडतात, मी पुन्हा नेसवतो. दिवस मावळायच्या आत जेवण उरकायचं, तर ते भाकरीचा एकेक तुकडा न्याहाळत बसतात आणि मी ओरडतो. प्रोफेसरांशी भांडून कॉलेज सोडलं, असं मी गावभर सांगतो. भांडलो खरा. पण आईला एकटीला हे होत नव्हतं.

मामांनी तांब्यातून सदलग्याचं पाणी आणलं होतं. आप्पांनी तेही गाळलं. आम्ही लग्नाचं बोलत बसलो आणि ते सदलग्याच्या वाटेला लागले. दुपार टळल्यावर सापडले, हातात ते गाळायचं ओलं फडकं.

"कुठं निघालायसा आप्पा?"

"मामाच्या हिरीला. ह्यांचं घर तिकडं हाय की रं."

मामा भडकले. "ह्याला मळ्यात ठेव. गडी बघंल. न्हायतर पोरगी द्यायची न्हाय."

मी हो म्हणालो. लगेच म्हणालो, प्रेमला. तुझ्यासाठी कुणालाही सोडीन, ह्याचा मला अभिमानच वाटला.

काल त्यांना मळ्यात सोडलं. आज सकाळी गेलो तर गड्यानं बाजेला बांधलेलं. "उठून जातंय धनी. काय करू?" मी हात उगारला, मग खाली घेतला. ठेवायला मीच सांगितलं होतं. काल त्यानं भाकरी आणली तेव्हा अंधारलं होतं, म्हणून आप्पा रात्रभर उपाशी.

त्यांना घरी आणलंय. परत नेणार नाही. परवा येऊन मामांना तोंडावर सांगेन, त्याआधी तुला. ते अजून खूप वर्षं जगतील. तू आलीस तर हेच तुझ्याही वाट्याला येईल. मी चिडका आहे, दमलोय, आणि तुझ्यावाचून माझं काही खरं नाही. तरीही.

जमणार नसेल तर मी येईन तेव्हा बाहेर येऊ नकोस. मी समजेन.

निदान आतेभाऊ तरी,
पद्मराज