दोनशे दहा फुटांखाली

११ एप्रिल १९४६, गुरुवार

दोनशे दहा फूट! संध्याकाळी दोरावरची खूण मोजली तेव्हा मानसिंगने मला कडक सलाम ठोकला. पलटणीत राहून इटलीपर्यंत सुरुंग लावून आलेला माणूस, पण या काळ्या दगडापुढे तोही टेकीला आलाय. इथले जमीनदार लालासाहेब, त्यांची विहीर साठ फूट, ठणठणीत कोरडी. तळाशी तीन वाशांची घोडी उभी केलीय. चार गडी पोलादी पहार उचलतात, सोडतात. दिवसभर धप्प, धप्प. वीतभर रुंदीचं भोक. त्यातून पाणी लागलं तर जतकडची ही वाडी जगेल.

मला पाणी नको, पाण्यातलं हवंय. त्यासाठी शाळेची सुट्टी इथं घालवतोय. निघताना शरयू म्हणाली, "दारापुढून कृष्णा वाहतेय, आणि तुम्ही दगडातलं पाणी आणायला चाललात!" तिला कसं सांगू? अमेरिकेत तेलाच्या विहिरींत, फार खोलवर, जंतू सापडलेत म्हणे. आमचे जुने प्राध्यापक हसतात — "तिथं कोण जगणार, गंगाधर?" ना उजेड, ना वारा. आणि तरी कुणीतरी तिथं दगड चाटून जगतंय, वाढतंय, आपल्या कित्येक पिढ्यांआधीपासून! खरं असेल तर?

१४ एप्रिल, रविवार

आज वाईट झालं. धुळा धनगर मेंढरं घेऊन आला. गड्यांसाठी गाडीने पिंपं आणतात, त्या पाण्याचा वास जनावरांना लागला. सगळा कळप पिंपांवर तुटून पडला. लालासाहेबांच्या माणसांनी काठ्या काढल्या, मग धोंडे. एका मेंढीचं डोकं फुटलं. ती गोल गोल फिरली आणि पडली.

धुळाने तिला खांद्यावर घेतलं. सगळ्यांच्या समोर ओरडला, "मुक्या जनावराला पिऊ देत न्हाई न्हवं? मग ह्याच पान्यात मरान हाय तुमचं!"

लालासाहेब हसले. मानसिंग तेवढा बोलला — "आवं, घोटभर पान्यानं काय हुतंय?" मी बोललो नाही. मला विहीर हवी होती.

१५ एप्रिल

पहारीचं टोक उडालं. मानसिंग ती घेऊन मिरजेला गेला. काम बंद. भोकाच्या तळाशी थोडा पाझर साचलाय. भोकाला लाकडी बूच ठोकून घेतलं — वरची हवा आत नको.

१८ एप्रिल

ऊन. ऊन. दुपारी माणूस दिसत नाही बाहेर. बाटल्या पुन्हा उकळल्या.

२० एप्रिल, शनिवार

झालं तसं लिहितो.

सकाळी नवी पहार आली. आप्पासो — गड्यांतला सगळ्यात तगडा — उतरायला निघाला. मी म्हणालो, पहार लावायच्या आधी मला एक बाटली भरून दे, पाणी ढवळायच्या आत. माझंच वाक्य! तो हसला. "देतो की मास्तर. तुमच्या किड्यास्नी धक्का लावत न्हाई." बरोबर त्याचा मेहुणा हरी. हरी पायऱ्यांवर मध्येच थांबला.

आप्पासोने बूच हलवून काढलं. फस्स असा आवाज वरपर्यंत आला. मग वास. सडक्या अंड्यांचा. आणि मी — मी आनंदाने ओरडलो! "हाच! हाच वास! बाटली सोड आत, आप्पासो!"

त्याने सोडली. भरली. दोरीला बांधली. मग ताठ उभा राहिला आणि तसाच तोंडावर पडला, दगडावर. "दाजी!" म्हणत हरी धावला. वाकला. तोही त्याच्या अंगावर. आवाज नाही, धडपड नाही.

मी उतरायला लागलो तर मानसिंगने मानगूट धरून मला मागं फेकलं. "ग्यास हाय मास्तर! सुरुंगात मानसं अशीच पडत्यात!" ओला फेटा तोंडाला बांधून तो निम्म्या पायऱ्या उतरला, गळ टाकला. दोनदा गुदमरून वर आला. तास गेला. गळ हरीच्या गालातून आरपार. दगडांवर आपटत दोघं वर आले. आप्पासोच्या तोंडाला गुलाबी फेस.

चंद्राबाई आली. आप्पासोची बायको, हरीची बहीण. दोघांच्या मधे बसली. एकाच्या छातीवर बुक्की, मग दुसऱ्याच्या. "उठा की! उठ की रं! उठा की!"

दोरीबरोबर बाटलीही वर आली होती. मी ती उचलली. कुणाचं लक्ष नव्हतं.

२१ एप्रिल

आहेत!!

सूक्ष्मदर्शकाखाली थेंब धरला. स्वल्पविरामासारखे वाकडे, शेकड्यांनी, सळसळताहेत. बाटलीतलं पाणी काळं पडलंय. यांना हवा लागत नाही. तो वायू हेच सोडतात. तीन नळ्यांत पाणी भरून मेण लावलं.

टाळी वाजवली मी. खरंच वाजवली. मग बाहेर चंद्राबाईचा आवाज ऐकला आणि हात मांडीखाली दाबून बसलो. दोन चिता काल एकाच वेळी पेटल्या. बूच मी ठोकायला लावलं होतं. पाच दिवस वायू त्याखाली कोंडला. वास ओळखूनही मी "बाटली सोड" म्हणालो.

२२ एप्रिल, सोमवार

धुळाला ओढत आणलं. शाप त्यानेच दिला होता ना! कुणी म्हणालं करणी, कुणी म्हणालं विष. लिंबाला बांधला. मोटेचा ओला नाडा. बसला की कातडी उकलून नाड्याला चिकटून येते. त्याची बायको हरणाबाई कानडीत किंचाळत होती — "बिडरी यप्पा, बिडरी!" सोडा, सोडा. तिला केसांना धरून लांब फेकलं.

धुळा एकच बोलत होता, "मी मानूस मारलं न्हाई! आईच्यान, मानूस मारलं न्हाई!"

मग कुणीतरी नाडा चंद्राबाईच्या हातात दिला. तिने तोंडावर मारलं. डावा डोळा गेला. मी इथून, खिडकीतून पाहिलं. दोनदा वहाणा घातल्या. दोनदा काढल्या.

मग टिपणं लिहिली.

२७ एप्रिल, मिरज

डाव्या हाताने लिहितोय. उजव्याची तीन बोटं मोडलीत. पुढचे दात नाहीत.

२३ तारखेला सकाळी गेलो. धुळा अजून झाडालाच होता, मान लोंबत होती. लालासाहेब सांगत होते, आज ह्याचं तळपाय फोडा आन् द्या विहिरीत टाकून. बाटली हातात घेऊन मी मधे उभा राहिलो. म्हणालो, हे याने केलेलं नाही. दगडाच्या पोटात बारीक जीव असतात, डोळ्यांना न दिसणारे. त्यांनी वायू सोडला. भोक मी बुजवायला लावलं. आप्पासोला मी पाठवलं.

लोक जवळ सरकले.

लालासाहेब म्हणाले, "म्हंजी तुमास्नी म्हाईत हुतं, मास्तर?"

"वास आला तेव्हा कळायला हवं होतं."

"हवं हुतं ऱ्हाऊ द्या. कळलं हुतं का न्हाई?"

खोटं बोलता आलं असतं. चंद्राबाई समोर बसली होती, कपाळ पांढरं.

"कळलं होतं," म्हणालो.

ती उठली. बाटली माझ्या हातातून घेतली, बघितली, आणि माझ्या तोंडावर फोडली. तेच काळं पाणी, काच, दात, रक्त सगळं घशात. मग बाकीचे. किती जण होते कळलं नाही. हातावर कुणीतरी टाच दिली आणि फिरवली. बरगडी मोडताना आवाज येतो, आतून. मी ओरडत नव्हतो, मोजत होतो, का कोण जाणे.

मानसिंगची आरोळी ऐकली. पहार फिरवत आला. लालासाहेबांच्या एका माणसाची नडगी कडकन गेली. "आता म्होरं येईल त्याचं डोस्कं फुटंल! जर्मन सोडले न्हाईत, तुमाला सोडीन व्हय रं?" धुळाचा दोर त्यानेच कापला. दोघांना एका बैलगाडीत टाकलं. वाटेत धुळाचं रक्त माझ्या मानेखाली येत होतं, माझं त्याच्या पाठीखाली. माझ्या नळ्यांची पेटीही मानसिंगने गाडीत ठेवली होती. "हे तुमचं मढं बी घ्या," म्हणाला.

विहीर गावाने धोंड्यांनी बुजवली. पाणी फक्त वीस फूट राहिलं होतं म्हणतात.

३० एप्रिल

धुळा पलीकडच्या खाटेवर. उरलेल्या डोळ्याने छताकडे बघतो. मी हाक मारली की तोंड फिरवतो. बरोबर आहे. मी एक दिवस आधी गेलो असतो तर त्याचा डोळा राहिला असता.

१९ मे, सांगली

तीनही नळ्यांत वाढ! काळी, दाट. मी सांगितलं, शरयूने लिहून काढलं — सतरा पानं. "आप्पासो" आणि "हरी" ही नावं आली तिथं ती थांबली. "ही ठेवायची?" ठेव म्हणालो. त्यांच्यापायीच तर हे हाती आलं.

प्राध्यापक स्वतः घरी आले. सूक्ष्मदर्शकावरून बराच वेळ डोकं उचललं नाही. "हरलो मी, गंगाधर." निबंध त्यांनीच बंगलोरच्या विज्ञानपत्रिकेला धाडला.

शरयू रात्री जेवताना म्हणाली, "चंद्राबाईंना काही पाठवूया का?" मी ताट सारून उठलो.

३ जून

बंगलोरचं पत्र! छापताहेत. पुढच्याच अंकात. इतक्या खोलवरच्या जिवांबद्दल इकडून कुणी काही लिहिलेलं त्यांच्या पाहण्यात नाही. पत्र चार वेळा वाचलं. आप्पासो, हरी — काहीतरी झालं रे तुमच्या जाण्याचं.

८ जून, शनिवार

धुळा आणि हरणाबाई आज दारात. ओटीवर टेकले नाहीत. शरयूने दिलेलं पाणी घेतलं नाही.

धुळा म्हणाला, "मास्तर, मेलेल्या मेंढीची आतडी मी टाकली हुती त्या भोकात. काम बंद हुतं तवा, दुपारच्या वक्ताला. बूच काढलं, काठीनं कोंबली, परत ठोकलं. पानी बाटवायचं हुतं मला. बाकी कायबी न्हाई."

नळ्यांतलं सगळं त्या मेंढीच्या पोटातलं! तो वायूही.

"आता वाडीत जाऊन सांगतो. चंद्राबाईच्या पायावर डोकं ठेवतो."

मी मोडक्या हाताने त्याचं मनगट धरलं. म्हटलं, "कुठं जायचं नाही. जीव घेतील तुझा; दोष माझ्यावरच राहू दे."

आत आलो. शरयूला म्हणालो, बंगलोरला तार कर, निबंध छापू नका.

"कारण काय लिहू?"

काही लिहू नकोस.