आत्या, तू पहिल्या रांगेतून बोललीस ते

तीर्थस्वरूप आत्या,

साष्टांग नमस्कार (कंबर धरली आहे, म्हणून तूर्त कागदावरच). तुझा गुडघा कसा आहे? तीन आठवडे फोन उचलत नाहीस, म्हणजे आता हातही दुखत असावा. म्हणून हे पत्र.

तू रुसलेली नाहीस, लाजली आहेस, हे काकांकडून कळलं. पोरीच्या नाटकाची माती केली, आता थिएटरची पायरी चढणार नाही, असं म्हणालीस म्हणे. अगं, बारा वर्षांत आमची सतरा प्रायोगिक नाटकं झाली आणि सतराच्या सतरांना शेवटपर्यंत हजर असलेली माणसं जगात दोनच, मी आणि तू. दिग्दर्शकानेसुद्धा दोन चुकवली (एकदा तर स्वतःच्याच नाटकाला कंटाळून बाहेर चहा पीत बसला होता). गोदामातल्या त्या नाटकात मी पाठीवर खुर्ची घेऊन पाऊण तास रांगले, तेव्हा अर्थ काय म्हणून सगळ्यांनी मला छळलं. तू एवढंच विचारलंस, की गुडघ्यांना फडकं बांधलं होतंस ना. माझ्या त्या चित्रपटाचं तर बोलायलाच नको. चार वर्षं शूटिंग चाललं, मग संकलकाने कात्री चालवली आणि पडद्यावर उरली ती माझी पाठमोरी आकृती, अकरा सेकंद. त्या अकरा सेकंदांत तू शेजारच्या अनोळखी बाईंना हलवून सांगितलंस, "ही आमची." चित्रपटाला बक्षीस मिळालं नाही. मला मात्र तेवढ्यात मिळून गेलं.

आता त्या दिवसाबद्दल. शेवटच्या प्रवेशात मी खिडकीशी गप्प उभी राहते, हे तुला ठाऊक होतं. भाजी निवडता निवडता संहिता मांडीवर ठेवून माझं पाठांतर तूच घेतलं होतंस. ते गप्प राहणं जरा लांबलं आणि पहिल्या रांगेतून तुझा आवाज आला, "दार मीच लावलं होतं, आई. म्हण ना." मी म्हटलं. समीक्षकाने (तोच, जो एरवी डुलक्या काढतो) लिहिलंय, की प्रेक्षकांतून आलेला तो थकलेला आवाज हाच नाटकाचा कळस. ही कल्पना आपलीच, असं दिग्दर्शक आता गावभर सांगत सुटला आहे. पुढच्या प्रयोगापासून त्याने तुझ्या जागी एक नटी आणून बसवली. ती फार स्वच्छ बोलते. तिच्याकडून ते वाक्य ऐकलं, की पुढे काय करायचं तेच मला सुचेनासं होतं.

तेव्हा लाजण्यासारखं काहीही झालेलं नाही. काकांना नमस्कार सांग.

तुझी भाची

ता. क. रविवारी दुपारी चारला प्रयोग आहे. पहिल्या रांगेतली कडेची खुर्ची तुझ्यासाठी ठेवली आहे, पाय लांब करता येतील अशी. त्या नटीला मी परस्पर सुट्टी देऊन टाकली.

आणखी एक ता. क. हे दिग्दर्शकाला कळू देऊ नकोस. संहितेत ते गप्प राहणं अर्ध्या मिनिटाचंच होतं. पुढचं वाक्य मला आठवतच नव्हतं, आत्या, आणि साठ माणसांत ते फक्त तुला कळलं. आता मला ते चोख पाठ आहे. तरी तू समोर बस.