बोलण्यावर बोला, विषयावर नको

गुरुवार, १० एप्रिल

पुन्हा माती खाल्ली! उभी राहिले, "अध्यक्षमहाशय" म्हटलं, आणि पुढं घशात बोळा. विषय काय, तर दालचिनीचे रोल! जे मी झोपेतही लाटीन, त्यावर चार वाक्यं बोलता येईनात. ट्वायलाबाईंनी माझ्या प्रत्येक "अं"ला घंटी वाजवली. चर्चच्या तळघरात नुसता घंटानाद. जन्मभर चौथीचा वर्ग हाकला बाईंनी, सवय कशी जाईल?

मग त्यांचं ठरलेलं. आधी कौतुक, मधे चूक, वरून परत कौतुक. "आर्व्हेला, स्वेटर काय खुलून दिसतोय तुला! आवाज मात्र पहिल्या रांगेतही पोचला नाही हं. पण उभी राहिलीस, हेच मोठं!" बोलण्यावर बोलायचं, विषयावर नाही, हा आमच्या वक्तृत्व मंडळाचा नियम. बरंच आहे म्हणा. नाहीतर रोलमध्ये लोणी किती यावरून तिथंच जुंपली असती.

लाज वाटली. घरी येऊन रडलेसुद्धा. पण सोडणार नाही.

सोमवार, १४ एप्रिल

वेंडेल जेवायला आला होता. अंगाला जळकट वास. तो कामाला आहे त्या गव्हाच्या सहकारी कोठारात, माथ्यावर धान्य चढवणाऱ्या पट्ट्याचं बेअरिंग पुन्हा तापलं म्हणे, आणि धूळ ओढणारा पंखा हिवाळ्यापासून बंदच. गव्हाची धूळ आणि तापलेलं लोखंड एकत्र आलं की काय होतं, ते इथं शाळकरी पोरांनाही ठाऊक आहे. वडिलांच्या काळात शेजारच्या गावचं कोठार उडालं, तेव्हा आमच्या घरातली भांडी पडली होती.

"वर जाऊ नकोस," म्हटलं.

"मग कोण जाणार? डेलमार? त्याला ट्रकमधून उतरताना धाप लागते!" हसला आणि चिलीच्या तिखट रश्श्यात रोल बुडवून खात बसला. माझा भाऊ असाच. आमची सगळी माणसंच अशी. गाऱ्हाणं सांगणं म्हणजे मोठेपणा मिरवणं, असं लहानपणापासून डोक्यात भरवलेलं.

मंगळवार, १५ एप्रिल

डेलमारकडं जाऊन आले. कोठाराचा व्यवस्थापक तोच, आमच्या मंडळाचा अध्यक्षही तोच.

"कापणी झाली की पहिलं काम तेच, आर्व्हेला. आत्ता बंद केलं आणि काम लांबलं, तर कापणीला लोकांचा गहू ठेवू कुठं? तुझ्या गराजमध्ये?"

माणूस वाईट नाही. माझा नवरा एमिल गेला तेव्हा जेवणाचं भांडं घेऊन पहिला आलेला हाच. म्हणून तर भांडताही येत नाही!

आता उरली मेअखेरची कोठाराची वार्षिक सभा. वेंडेल नोकर, त्याला तिथं तोंड उघडता येत नाही. पण एमिलच्या मागं सभासद मी आहे. "दुरुस्ती होईपर्यंत कोठार बंद" असा ठराव मी मांडायचा, कोणीतरी अनुमोदन द्यायचं आणि हात वर करायचे. मग डेलमारलाही ऐकावं लागेल. एवढंच करायचंय. पण शंभर माणसांसमोर!

गुरुवार, १ मे

आज एकदाच घंटी! ट्वायलाबाई नंतर जिन्यात थांबल्या. "घसा सुकला ना, की गप्प राहा. शब्द शोधायला धावू नकोस. 'अं' केलंस की तू घाबरलीस. गप्प उभी राहिलीस की समोरचे घाबरतात."

बाई घंटीवाल्या असल्या तरी गुरू आहेत खऱ्या.

शेवट घटवून घेतला. भाषण संपलं की अध्यक्षांशी हात मिळवायचा, व्यासपीठ त्यांच्या ताब्यात द्यायचं आणि मागं न बघता जागेवर येऊन बसायचं. सतरा वेळा करायला लावलं. आता झोपेतही हात पुढं जाईल.

गुरुवार, १५ मे

सभेची रंगीत तालीम म्हणून आज मंडळात बेअरिंगवरच बोलले. सगळं सांगितलं. धूळ, पंखा, माझा भाऊ घरी येतो तेव्हा येणारा वास. मधे घसा सुकला, तर गप्प राहिले. एकाची खुर्चीसुद्धा वाजली नाही. घंटी एकदाही नाही!

ट्वायलाबाईंनी डोळे पुसले. "काय थांबलीस गं! हात तेवढा खिशातून काढ. आणि भावाचं नाव घेताना आवाज कापला, तो अगदी हवा तिथं कापला."

डेलमारनं स्वतः पहिल्या नंबराची निळी फीत लावली मला. "अंगावर काटा आला बघ!"

"आणि बेअरिंगचं काय?" मी विचारलं.

त्यानं बोट नाचवलं. "अं हं! विषयावर नाही, आर्व्हेला."

सगळे हसले. मीही हसले! घरी आल्यावर फीत ड्रॉवरमध्ये टाकली.

रविवार, २५ मे

दक्षिणेचा वारा सुटलाय. गहू भराभर पिवळा पडतोय. यंदा कापणी लवकर येणार, असं चर्चमध्ये जो तो आनंदानं सांगत होता.

शनिवार, ३१ मे

बोलले. जन्मात कधी बोलले नाही अशी बोलले. वेंडेल दाराशी टोपी हातात घेऊन उभा होता, त्याच्याकडं बघून बोलले. शेवटचं वाक्य संपलं आणि अख्खी सभा उठून टाळ्या वाजवायला लागली. मंडळातली माणसं सगळ्यात पुढं. डेलमार जवळ आला, हात पुढं केला.

मी हात मिळवला. आणि येऊन बसले.

बसले! ठराव मांडलाच नाही. ओठांवर होता, आणि पाय आपोआप खुर्चीकडं वळले. उठून ओरडले, "ठराव आहे माझा!" पण टाळ्यांत कोणाला ऐकू जातंय? डेलमारनं माइकवरून जेवण जाहीर केलं, सभा संपली, खुर्च्या सरकल्या.

रांगेत जो तो पाठ थोपटत होता. माझ्या चुलतजावेनं तर मुलीच्या लग्नात बोलायचं आमंत्रण दिलं. मला तिच्या अंगावर बटाट्याचं सॅलड ओतावंसं वाटलं. तिचा काय दोष? दोष माझा.

मंगळवार, ३ जून

डेलमार म्हणाला, "सभेत ठराव आला असता तर बंद केलं असतं. आला नाही ना?" खरं आहे. नियमानं खरं आहे. विशेष सभा मागितली, तर कापणीनंतरची तारीख दिली.

वेंडेलला म्हटलं, नोकरी सोड.

"तुझं भाषण ऐकून मला रडू आलं," तो म्हणाला. "माझ्याबद्दल असं कोणी कधी बोललं नव्हतं."

"मग जाऊ नकोस ना रे वर!"

"गाड्यांची रांग लागेल, आर्व्हेला. लोक खोळंबतील."

सोमवार, १६ जून

कापणी सुरू. स्वयंपाकघराच्या खिडकीतून कोठार दिसतं. माथ्यावर धूळ नुसती तरंगतेय. भांडी घासताना मान सारखी तिकडंच वळते.

मंगळवार, १७ जून

आजही धड घरी आला. देवाची कृपा.

शनिवार, २१ जून

बुधवारी दुपारी कोठार उडालं. वेंडेल वर होता. काल बाहेर काढला. ओळख पटवायला मीच गेले.

मघाशी डेलमारचा फोन आला. हुंदके देत होता. सोमवारी चर्चमध्ये वेंडेलसाठी दोन शब्द तूच बोल म्हणाला. "तुझ्याइतकं छान आपल्यात कोण बोलतं?"

हो म्हटलं. काय बोलणार आहेस, हे त्यानं विचारलंच नाही.